नव्वद दिवस, तीन वर्षे आणि एक लिफाफा

कामावरून काढलेला माणूस आमच्याकडे, म्हणजे कामगारांच्या वकिलांकडे, येतो तेव्हा हातात प्लास्टिकची पिशवी असते. तिच्यात पगाराच्या स्लिपा, पीएफचा उतारा, चार्जशीट, बडतर्फीचे पत्र, कधी मुलाच्या फीची पावतीसुद्धा सापडते. लिफाफा मात्र नसतो. पत्र जपून ठेवतात आणि ते ज्यातून आले तो लिफाफा चुलीत किंवा कचऱ्यात जातो. खरे तर पत्र कोणत्या तारखेला हातात पडले हे तोच सांगतो. आबांनी लिफाफा ठेवला होता. त्यावर १४ नोव्हेंबर २०१९ चा पोस्टाचा शिक्का होता.

आधीच सांगते, आबा म्हणजे कोणी एक माणूस नाही. कामगार न्यायालयातल्या कामात सारखे भेटणारे तीन-चार जण एकत्र करून हे प्रकरण मांडले आहे. त्याच्या रकमा आणि तारखा हिशेब दिसावा म्हणून बसवल्या आहेत. कायद्यातल्या त्या वेळच्या मुदती आणि सर्वोच्च न्यायालयाचे निकाल मात्र आहेत तसेच.

आबा भोसरी एमआयडीसीतल्या एका प्रेस शॉपमध्ये २००६ पासून पॉवर प्रेसवर. गाड्यांचे सुटे भाग बनायचे. मूळ पगार आणि महागाई भत्ता मिळून १६,४०० रुपये. प्रेसला दोन बटणे असतात. दोन्ही हातांनी एकाच वेळी दाबली तरच स्ट्रोक येतो, म्हणजे प्रेस खाली दाबली जाते, आणि हात डायच्या, म्हणजे साच्याच्या, बाहेर राहतात. प्रॉडक्शन मागे पडले की एका बटणाला टेप लावून ते दाबलेलेच ठेवायची युक्ती ज्याने प्रेसवर काम केले आहे त्याला माहीत असते. सुपरवायझरने फर्स्ट शिफ्टला तसे सांगितले, आबांनी नकार दिला, शब्दाने शब्द वाढला, एक शिवी गेली. चार्जशीटमध्ये टेपचा उल्लेख नाही. शिवी आहे, आणि वरिष्ठांचा आदेश न मानणे आहे.

खात्यांतर्गत चौकशी झाली. आबांनी मागितलेली कागदपत्रे त्यांना दिली नाहीत, शेजारच्या प्रेसवरच्या ज्या माणसाला साक्षीला बोलवायचे होते त्याला शिफ्टमधून सोडले नाही. ११ नोव्हेंबर २०१९ ला बडतर्फीचा आदेश निघाला आणि १४ तारखेला रजिस्टर पोस्टाने घरी आला.

आबा आमच्या ऑफिसात आले ते ऑगस्ट २०२२ मध्ये, म्हणजे पावणेतीन वर्षांनी.

मधली पावणेतीन वर्षे

विरुद्ध बाजूचे वकील कोर्टात एक वाक्य हमखास म्हणतात: अर्जदार आपल्या हक्कांवर झोपून राहिला. मला या वाक्याची चीड आहे. माझ्या पाहण्यात झोपून राहिलेला कामगार फारसा आलेला नाही. तो फेऱ्या मारत असतो. कोर्टाला दिसतील अशा त्या फेऱ्या नसतात, एवढेच.

पत्र मिळाल्यावर आबा दुसऱ्या दिवशी गेटवर गेले. वॉचमनने आत सोडले नाही. २५ नोव्हेंबरला त्यांनी दयेचा अर्ज दिला आणि आवक-जावकला शिक्का मारून घेतला. पुढे तोच कागद सगळ्यात जास्त कामाला आला. त्याच सुमारास कंपनीत पगारवाढीच्या कराराची बोलणी चालू होती. युनियनचे सेक्रेटरी म्हणाले, कराराबरोबर तुमचाही विषय काढतो, आता कोर्टकचेरी करू नका, मॅनेजमेंट बिथरेल. सेक्रेटरी खोटे बोलत होते असे मला वाटत नाही. त्यांना दोनशे माणसांचा करार हवा होता, त्यात एक माणूस टेबलाच्या कडेला सरकला. एचआरच्या साहेबांना आबांनी व्हॉट्सअ‍ॅपवर विचारले. उत्तर आले: ‘करारानंतर बघू, धीर धरा.’ तारीख ६ फेब्रुवारी २०२०.

आता कॅलेंडर घ्या. कामगार संघटनांना मान्यता देणे आणि अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध करणे याविषयीच्या महाराष्ट्राच्या १९७१ च्या कायद्यात, कलम २८ खाली, तक्रार ९० दिवसांत करायची असते. पुण्या-मुंबईचा कामगार या कायद्याला नुसते ‘यूएलपी’ म्हणतो. १४ नोव्हेंबरपासून ९० दिवस १२ फेब्रुवारीला संपतात. ‘धीर धरा’ हा निरोप आला तेव्हा सहा दिवस उरले होते. साहेबांना हे माहीत होते की नव्हते, सांगता येत नाही. मी विचारलेही नाही, कारण कोर्टात त्याचा उपयोग नव्हता.

मार्चमध्ये लॉकडाऊन लागले. आबा कुटुंबासह लातूरकडच्या गावी गेले. सोयाबीन काढायला गेले, भावाच्या टेम्पोवर चालक म्हणून राहिले. जून २०२१ मध्ये कंपनीतून फोन आला की तुमची ग्रॅच्युइटी पडून आहे, येऊन घेऊन जा. १३ वर्षांचे, दर वर्षाला १५ भागिले २६ दिवसांच्या हिशेबाने १,२३,००० रुपये झाले. चेकबरोबर इंग्रजीतला एक कागद होता. माझी कंपनीकडे कोणतीही मागणी उरलेली नाही, असा त्याचा अर्थ. आबांनी सही केली. त्यांना वाटले, पैसे मिळाल्याची पावती आहे.

एक गोष्ट प्रत्येक कामगाराला सांगते. ग्रॅच्युइटी घ्यावी, पीएफही काढावा, पोट थांबत नाही. पण सहीच्या वर स्वतःच्या अक्षरात ‘बडतर्फी मान्य नाही, हक्क राखून रक्कम स्वीकारली’ एवढी ओळ लिहावी. मराठीत लिहिली तरी चालते. कारकून कुरकुरला तर कुरकुरू द्यावा.

कोणते दार

पहिल्या भेटीत आबांनी यूएलपीच मागितली. त्यांच्या मेव्हण्याला तिच्यातून चार महिन्यांत अंतरिम आदेश मिळाला होता, आणि ‘मॅडम, कोविडमुळे सगळ्यांना मुदत वाढवून दिली ना कोर्टाने’ हे त्यांनी कुठेतरी वाचले होते.

वाचले ते खरे होते, पण अर्धे. सर्वोच्च न्यायालयाने स्वतःहून दाखल करून घेतलेल्या प्रकरणात १० जानेवारी २०२२ ला आदेश दिला की १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदत मोजताना वगळायचा, आणि उरलेली मुदत १ मार्च २०२२ पासून पुढे चालू धरायची. पण ही सवलत त्याला, ज्याची मुदत १५ मार्च २०२० ला अजून जिवंत होती. आबांची मुदत त्याच्या ३२ दिवस आधी संपली होती. मुदत उलटून गेल्यावर विलंब माफ करण्याचा जो जादा काळ कायदा देतो, त्यालाही ही सवलत नाही, हे सप्टेंबर २०२० मध्येच न्यायालयाने स्पष्ट केले होते. तेच पत्र पोस्टमनने १६ डिसेंबरला किंवा त्यानंतर आणून दिले असते तर आबा या छत्रीखाली आले असते. पोस्टमनला दोष कोण देणार?

कलम २८ मध्ये पळवाट आहे, नाही असे नाही. सबळ कारण दाखवले तर ९० दिवसांनंतरही न्यायालय तक्रार घेऊ शकते. विलंब माफीचा अर्ज करता आला असता, आणि त्यात लॉकडाऊन हे कारण म्हणूनही चालले असते. पण फेब्रुवारीच्या मध्यापासून मार्चच्या मध्यापर्यंतचा महिना आणि मार्च ते ऑगस्ट २०२२ हे पाच महिने कशाने झाकायचे? शिवाय कलम ५९. एका विषयावर या कायद्याखाली कारवाई सुरू केली की त्याच विषयावर औद्योगिक विवाद कायद्याखाली दुसरी करता येत नसे. पहिले दार उघडायचा प्रयत्न करताना दुसऱ्याची किल्ली हरवायची जोखीम मला घ्यायची नव्हती.

दुसरे दार म्हणजे औद्योगिक विवाद कायदा १९४७ चे कलम २-अ. २०१० पर्यंत इथे कामगाराला सरकारच्या मर्जीवर अवलंबून राहावे लागे. सरकारने विवाद न्यायालयाकडे पाठवला तर पाठवला. २०१० च्या दुरुस्तीने सरळ वाट दिली. आधी समेट अधिकाऱ्याकडे अर्ज करायचा, ४५ दिवस थांबायचे, तोडगा नाही निघाला तर थेट कामगार न्यायालयात जायचे. त्याच दुरुस्तीने एक कुंपणही घातले. बडतर्फीपासून तीन वर्षांच्या आत न्यायालयात यायला हवे होते.

म्हणजे नुसते कॅलेंडर पाहिले तर १० नोव्हेंबर २०२२. ऑगस्ट चालू होता, वेळ होता. ५ सप्टेंबरला कंपनीला मागणीपत्र गेले, २० सप्टेंबरला शिवाजीनगरला कामगार उपायुक्तांच्या कार्यालयात अर्ज दाखल झाला. ४५ दिवस ४ नोव्हेंबरला पुरे होत होते. मध्ये दिवाळी, समेटाच्या दोन तारखा, कंपनीच्या प्रतिनिधीचा ‘वरून विचारून सांगतो’. आणि खरे सांगायचे तर आमची ढिलाईही. ५ नोव्हेंबरला दावा तयार असायला हवा होता, तो नव्हता. दाखल झाला १६ जानेवारी २०२३ ला.

ज्या आदेशाने आबांना पहिल्या दारात मदत केली नाही, त्यानेच इथे वाचवले. १५ मार्च २०२० ला तीन वर्षांची मुदत चालू होती, म्हणून वगळलेले ७१६ दिवस तिला जोडले गेले आणि ती २०२४ च्या ऑक्टोबरअखेरपर्यंत गेली. तरी मी कुणाला असे काठावर चालायचा सल्ला देणार नाही. कैफियतीत, म्हणजे दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात, कंपनीने पहिलाच मुद्दा तीन वर्षांचा घेतला आणि त्यावर युक्तिवादाच्या तीन तारखा गेल्या.

तिसरे दार, त्याच कायद्याच्या कलम १० खाली सरकारमार्फत संदर्भ, म्हणजे सरकारने विवाद न्यायालयाकडे पाठवणे. त्याला वर्षांची मर्यादा लिहिलेली नव्हती, कायदा ‘कधीही’ म्हणे. या ‘कधीही’वर विसंबून बसलेली माणसे मी पाहिली आहेत.

त्याच सात वर्षांचे दोन निकाल

मुदतीत आलो म्हणून विलंबाचा प्रश्न संपत नाही, हे अशिलाला पटवणे सगळ्यात अवघड. दोन निकाल शेजारी ठेवले की पटते.

अजायब सिंग यांचा निकाल १९९९ चा. सहकारी संस्थेतली नोकरी १९७४ मध्ये गेली, मागणी केली डिसेंबर १९८१ मध्ये. उच्च न्यायालयाने विलंबावर बाहेर काढले. सर्वोच्च न्यायालयाने परत आत घेतले. औद्योगिक विवादाला मुदत कायद्याचे कलम १३७ लागू होत नाही, आणि उशिरामुळे नुकसान झाले असे मालकाचे म्हणणे असेल तर ते त्याने पुराव्याने दाखवावे, असे सांगितले. या प्रकरणात मालकाने कामगार न्यायालयात विलंबाचा मुद्दाच घेतलेला नव्हता. नोकरी परत मिळाली, पण मागचा पगार नोकरी गेली तेव्हापासून नव्हे, मागणी केली त्या दिवसापासून, आणि कामगार न्यायालयाच्या निवाड्यापर्यंत तोही ६० टक्के. मधली सात वर्षे हिशेबातून गळाली.

दुसरा नेदुंगाडी बँकेचा, २००० चा. इथेही सातच वर्षे. बँकेतला कर्मचारी बडतर्फ झाला, त्याचे अपील फेटाळले गेले, आणि मग तो सात वर्षे गप्प राहिला. न्यायालय म्हणाले, हा विवाद शिळा झाला, सरकारने तो पाठवायलाच नको होता. २०१५ मध्ये प्रभाकर यांच्या प्रकरणात १४ वर्षांनी उठवलेल्या वादाबाबत न्यायालय आणखी स्पष्ट बोलले: इतका काळ कुणीच काही केले नाही तर विवाद उरलेलाच नाही असे धरता येईल.

वर्षे सारखी, निकाल उलटे. म्हणून आम्ही आबांच्या पिशवीत वर्षे शोधली नाहीत, मधल्या काळात विवाद जिवंत होता याची खूण शोधली. आवक शिक्क्याचा दयेचा अर्ज होताच. व्हॉट्सअ‍ॅपसाठी त्यांचा काच फुटलेला जुना फोन दुरुस्तीच्या दुकानातून चालू करून घेतला. त्याचे स्क्रीनशॉट काढून इलेक्ट्रॉनिक पुराव्याच्या दाखल्यासह जोडले. सेक्रेटरींचे सात निरोप सापडले, एचआरचे तीन. २०२१ सालातली मात्र काहीच खूण नाही. त्या वर्षी आबांनी सगळे फोनवर विचारले होते.

फोन कॉल म्हणजे वाऱ्यावरची वरात. सहा महिन्यांतून एकदा रजिस्टर पोस्टाने दोन ओळी गेल्या असत्या तर या प्रकरणाचे वजन वेगळे झाले असते. याची दुसरी बाजूही आहे. नुसती पत्रे पाठवत राहिल्याने मुदत वाढत नाही. सरकारी नोकराच्या प्रकरणात १९८९ मध्ये सात न्यायमूर्तींच्या पीठाने हे सांगून टाकले आहे. पत्रे विवाद जिवंत ठेवतात, घड्याळ थांबवत नाहीत. हा फरक आमच्याच बारमधल्या काही मंडळींनाही कळत नाही असे मला कधी कधी वाटते.

लेबर कोर्टात

कंपनीच्या कैफियतीत तीन गोष्टी होत्या. उशीर, ग्रॅच्युइटी घेऊन दिलेली सही, आणि गावाकडे टेम्पो चालवून केलेली कमाई. तिसरी गोष्ट आबांनी आम्हाला सांगितलीच नव्हती. दीपाली सुरवसे प्रकरणातल्या २०१३ च्या निकालाप्रमाणे कामगाराने आधी म्हणायचे असते की मला या काळात पुरेशी कमाई नव्हती. मग उलट सिद्ध करायची जबाबदारी मालकावर जाते. आबांच्या शपथपत्राच्या पहिल्या मसुद्यात ‘पूर्ण बेरोजगार’ असे होते. उलटतपासणीत ते पाच मिनिटे टिकले नसते. आम्ही ते बदलून टेम्पोचे दिवस आणि मिळालेली रक्कम खरी लिहिली. आबा नाराज झाले. दोन तारखा ते आमच्याशी नीट बोललेही नाहीत.

आधी ‘पार्ट वन’, म्हणजे खात्यांतर्गत चौकशी न्याय्य होती की नाही एवढाच प्रश्न. कागदपत्रे नाकारली, साक्षीदार अडवला. चौकशी रद्दबातल ठरली. अशा वेळी मालकाला आरोप पुन्हा न्यायालयात सिद्ध करायची संधी असते आणि कंपनीने ती मागितली. इथे उशिराचे हत्यार उलटले. सुपरवायझर नोकरी सोडून परराज्यात गेलेला, शॉपमधले कॅमेऱ्याचे चित्रण कधीच पुसले गेलेले, ज्या प्रेसवर भांडण झाले ती भंगारात. आणि आबांचा शेजारच्या प्रेसवरचा साक्षीदार? चाकणला दुसऱ्या कंपनीत लागला होता. त्याने हात जोडून सांगितले, ताई, मला यात ओढू नका. दोन्ही बाजूंना शिवी आठवत होती, टेप कुणालाच सिद्ध करता येत नव्हती.

म्हणून बोलणी सुरू झाली. आमचे म्हणणे, मागणीपत्राच्या तारखेपासून मागचा पगार मोजा. म्हणजे नोव्हेंबर २०१९ ते सप्टेंबर २०२२ चे सुमारे ३४ महिने, ५,५७,६०० रुपये, आम्ही आधीच सोडून दिले. कंपनीचे वकील म्हणाले, दावा दाखल झाल्यापासून मोजा. त्यांच्या हिशेबात ३८ महिने गेले, ६,२३,२०० रुपये. दोघांमधले ६५,६०० रुपये म्हणजे मागणीपत्र ते दावा हे चार महिने, ज्यातला निम्माअधिक काळ आमच्या ढिलाईचा होता. तो आकडा मी आबांना सांगितला. ते काही बोलले नाहीत, फक्त चहाचा कप बाजूला ठेवला.

बाहेरून येणारा एक प्रश्न इथेच उरकते. हिंजवडीतले इंजिनिअर विचारतात, आम्हालाही तीन वर्षे का? ज्याचे काम खरोखर व्यवस्थापकाचे आहे तो या कायद्याचा ‘कामगार’ नाही. त्याला दिवाणी दावा आहे आणि बहुधा नोकरी परत नाही, नुकसानभरपाईच. खासगी शाळेतल्या शिक्षकाला १९७७ च्या कायद्याखाली शाळा न्यायाधिकरणाकडे ३० दिवसांतच अपील करावे लागते. आणि २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या औद्योगिक संबंध संहितेने समेटासाठीची मुदत दोन वर्षांवर आणली आहे. आजचा आबा ऑगस्टमध्ये आमच्याकडे आला असता तर माझ्याकडे त्याच्यासाठी हे दुसरे दार नसते.

जून २०२५ मध्ये तडजोड झाली. ४,७५,००० रुपये एकरकमी, बडतर्फीचा आदेश मागे, त्याऐवजी राजीनामा. पैशावर आबांनी घासाघीस केली नाही. अडले ते राजीनाम्याच्या तारखेवर. कंपनीला ११ नोव्हेंबर २०१९ हवी होती, म्हणजे मधली वर्षे कागदावर येणार नाहीत. आबा म्हणाले, त्या दिवशी मी राजीनामा दिलेला नाही, त्या दिवशी मला काढले, मी खोटे लिहिणार नाही. दीड तास गेला. शेवटी पुरसीसमध्ये, म्हणजे कोर्टात द्यायच्या लेखी निवेदनात, ‘आज रोजी’ असे शब्द आले आणि सेवा २०१९ पर्यंतच धरायची, हे वेगळ्या कलमात.

सह्या झाल्यावर आबांनी विचारले, लिफाफा परत मिळेल का? तो निशाणी, म्हणजे पुराव्याचा क्रमांक, पडून कोर्टाच्या रेकॉर्डवर गेला होता. अर्ज करावा लागेल, मी म्हणाले.

‘करूया मॅडम,’ ते म्हणाले. ‘त्याला मुदत किती?’